लुगड्यांचा प्राणी

भुताच्या सिनेमात सगळे भूत बघतात, मी चेन बघते. म्हणजे भुताच्या पाठीवरची चेन हो, अंगरख्याची. चाळीस वर्षं शिवणाच्या मशीनवर गेली, डोळ्यांना ती खोडच लागली आहे. पडक्या बंगल्यातून ते केसाळ काहीतरी गुरगुरत बाहेर येतं, हिरॉईन किंचाळते, आणि मी म्हणते, "अगं, काखेत उसवलंय बघ त्याचं."

असले सिनेमे मला फार आवडतात, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे कोणाला वाटायला नको की ही बाई नावं ठेवायला बसली आहे. मोठ्या पैशांचे नाही आवडत. त्यात सगळं कॉम्प्युटरवर करतात, कोणी काही शिवलेलंच नसतं. मला आवडतात ते गरिबाघरचे. एक ओसाड घर, तिथे मुक्कामाला गेलेली चार-पाच माणसं (का जातात देव जाणे, नाशकात लॉज काय कमी आहेत?) आणि आत एक प्राणी. त्याला घोंगडीचे केस आणि रबराची नखं. अर्धा सिनेमा तो प्राणी दिसतच नाही, कारण दाखवण्यासारखा नसतो. नुसती दारं करकरतात. कापड कमी पडलं की आपण ठरवतो ना, जोड कुठे लपवायचा, तसंच ते. त्या माणसांची मला माया वाटते. आपल्यातलीच वाटतात.

हे वेड मी माझ्या एकटीपुरतं ठेवलं नव्हतं. माझा धाकटा भाऊ मालेगावला मास्तर. त्याची मुलगी नाशकात कॉलेजला आली आणि पाच वर्षं माझ्याकडे राहिली. मला मूलबाळ नाही, आमचे हे तोवर गेलेले, घरात मी आणि मशीन. ती आली आणि घर बोलायला लागलं. रविवारी दुपारी जेवणं झाली की आम्ही पडदे ओढायचो आणि तिच्या लॅपटॉपवर असला एक सिनेमा लावायचो. ती ओरडून विचारायची, "आत्या, चेन?"

"मानेखाली. केसांच्या आत दडवलीय."

"चूक. कमरेला आहे."

जी हरेल तिने भांडी घासायची. पाच वर्षांत तिने किती भांडी घासली असतील!

अशाच एका रविवारी एक सिनेमा संपला. त्यात एका बंद घरात काहीतरी कोंडलेलं होतं, आतून दार वाजवायचं. मी नेहमीसारखी बोलले नाही. ती म्हणाली, "आत्या, आज गप्प का? तुला खरंच भीती वाटली?" मी म्हटलं, सिनेमाची नाही. मग ती जवळ सरकून बसली आणि मी तिला ते सांगितलं, जे माझ्या नवऱ्याशिवाय घरातल्या कोणालाच माहीत नव्हतं.

ते असं. माझी आई बागलाणातली. वडील गेल्यावर माझ्या भावाकडे राहिली, पण भावजयीचं बाळंतपण, लहान घर, म्हणून "थोडे दिवस" माझ्याकडे आली आणि साडेतीन वर्षं राहिली. आम्ही तेव्हा सातपूरच्या पुढे एका कंपनीच्या क्वार्टरमध्ये होतो. दोन खोल्या, मागे पेरूचं झाड. आमचे हे त्या कंपनीत टर्नर. कंपनी तेव्हा धापा टाकत होती, महिना महिना पगार नाही, म्हणून मी गणवेश शिवायच्या एका शेडमध्ये जायला लागले. आणि आई विसरायला लागली. आधी चहात मीठ, मग माझं नाव. मी घरात आले की विचारायची, "कोन शे वं?" मी म्हणायची, "मी शे, आई." तिची अहिराणी बोलले की शांत व्हायची.

एक दिवस ती त्र्यंबक रोडवर सापडली. रस्त्याच्या मधोमध उभी, दोन्ही बाजूंनी ट्रक. एका ट्रकवाल्याने हाताला धरून आणून सोडली. दुसऱ्या दिवशी मी कुलूप आणलं.

सकाळी तिला खाऊ घालायची, स्वयंपाकघराला वेगळी कडी लावायची, विळी-काडेपेटी वर ठेवायची, आणि दारात उभी राहून म्हणायची, "आलेच हं मी, दहा मिनिटांत." मग बाहेरून कुलूप, आणि नऊ तास. शेजारीण दुपारी खिडकीतून बघायची, पण किल्ली तिच्याकडे ठेवायला नको म्हणाली, जबाबदारी नको. आई शेवटी शेवटी रांगायची. खाटेखाली जाऊन बसायची. भाकरीचा तुकडा पदराच्या टोकाला गाठ मारून ठेवायची आणि ती गाठ दातांनी सोडायची. आणि वाटीने दार वाजवायची. स्टीलच्या वाटीने. तीन वेळा, मग थांबायची, मग तीन वेळा. मी कोपऱ्यावर वळले की ऐकू यायचं. काही दिवस तर मी शेडमध्ये मशीन चालवत असताना ऐकू यायचं.

एवढं सांगून मी म्हटलं, "हे कोणाला बोलायचं नाही. तुझ्या बाबाला तर मुळीच नाही."

कारण माझा भाऊ. लग्न असो, बारसं असो, चार माणसं जमली की त्याचं एक ठरलेलं वाक्य: "आईचं केलं ते ताईने. आम्ही नुसते पाहुणे." हे ऐकताना माझी मान खाली जायची आणि लोकांना वाटायचं बाई विनयशील आहे. खरं बोलायचं तर त्या वाक्यावर मी जगत होते. ते खोटं नव्हतंच, केलं मीच. पण त्यात कुलूप नव्हतं.

तिने माझा हात घट्ट धरला. "नाही सांगणार, आत्या. शप्पथ." ती रडली सुद्धा. मला इतकं हलकं वाटलं की त्या दिवशी भांडी मीच घासली.

दोनेक वर्षं गेली. कॉलेज संपलं, ती मैत्रिणींबरोबर खोली घेऊन राहायला लागली, लग्नाच्या शूटिंगची कामं करायला लागली. एक दिवस धापा टाकत आली. "आत्या, मी सिनेमा करतेय. आपल्यासारखा!"

आपल्यासारखा. या एका शब्दावर मी विरघळले.

"घर कुठलं?" मी विचारलं. असल्या सिनेमात पहिला प्रश्न तोच.

"तुमची क्वार्टर. तीच ओळ. सगळी ओसाड पडलीयत, भिंतीतून पिंपळ आलाय. वॉचमनला विचारून ठेवलंय."

कंपनी बंद होऊन बरीच वर्षं झाली होती. मला जरा कसंतरी झालं, पण म्हटलं पडून आहे ते घर, पोरीच्या कामाला येईल.

"आणि प्राणी तू शिवायचास. भूत नाही हं, प्राणी. जीव."

"बाई का बाप्या?"

"काहीच नाही गं. ते."

"आणि चेन?"

"कोणालाच सापडली नाही पाहिजे." आम्ही दोघी किती हसलो!

मग तिने मागितलं ते मागितलं. "नवं कापड कॅमेऱ्यात खोटं दिसतं. मला विटलेलं, मऊ झालेलं हवंय. आजीची लुगडी तशीच पडलीयत ना ट्रंकेत?"

पडली होती. चार. आमच्याकडे माणूस गेलं की त्याच्या लुगड्याधोतरांची गोधडी शिवतात, घरातल्यांनी पांघरायला. मी दुनियेच्या गोधड्या शिवल्या, आईची नाही शिवली. दर उन्हाळ्यात ट्रंक उघडायची, वास घ्यायची, बंद करायची. भाऊ विचारायचा, "ताई, आईची गोधडी कधी?" मी म्हणायची, शिवते रे. त्यामुळे नात मागतेय म्हटल्यावर मला बरंच वाटलं. म्हटलं, माझ्याने होत नाही ते निदान हिच्या हातून मार्गी लागेल.

पोत्याचं अस्तर, त्यावर फोम, त्यावर लुगड्यांच्या पट्ट्या, एकीवर एक, पालीच्या खवल्यांसारख्या. पंधरा दिवस खपले. ती म्हणाली, गुडघ्यांवर रांगता आलं पाहिजे. मी गुडघ्याला जादा कापड सोडून चुण्या घातल्या, आत दोन पदरी गादी दिली, की घालणाऱ्या पोरीला लागू नये. ती म्हणाली, मागे एक पदर लोंबता ठेव, टोकाला गाठ मार. मला वाटलं शेपूट असेल. चेन मी डाव्या कुशीत घातली, दोन पट्ट्यांच्या मध्ये, आणि वरून हूक. कोणाच्या बापाला सापडली नसती.

आता तुम्ही म्हणाल, बाई, तुझ्या हातांना कळलं नाही? नाही कळलं. हात कामात होते. प्राणी रांगतातच सिनेमात. आणि ज्या माणसावर विश्वास असतो त्याच्या कामाचं आपण माप घेतो, चौकशी करत नाही.

सिनेमा दाखवला नाशकातल्याच द्वारका चौकाजवळच्या एका मंगल कार्यालयात, भर दुपारी, खिडक्यांना सतरंज्या लावून. प्रेक्षक म्हणजे तिचे मित्रमैत्रिणी, त्यांचे आईबाप, वडापाव आणि चहा. भाऊ मालेगावहून एस.टी.ने आला होता, इस्त्रीचा शर्ट घालून, लेकीचा सिनेमा म्हणून. माझ्या शेजारी बसला. त्याला मास्तरकीची सवय, पडद्यावर येईल ते अक्षर पुटपुटत वाचतो. सुरुवातीला नावं आली. "वेशभूषा... ताई, तुझं नाव! ताई, बघ तुझं नाव!" मागच्यांनी शुक् केलं.

सुरुवातीला मजाच होती. पाच पोरं व्हिडिओ काढायला ओसाड क्वार्टरमध्ये येतात. आमचं दार. रंग उडालेला, पण आमचंच. मग आवाज आला.

तीन वेळा. थांबून तीन वेळा.

वाटी आमची नव्हती. आवाज आमचा होता.

मला वाटलं, माझ्याच डोक्यात वाजतंय, पूर्वीसारखं. पण हॉलमधली माणसं सावरून बसली, म्हणजे त्यांनाही ऐकू आलं होतं. मग खाटेखालून ते रांगत बाहेर आलं. मी शिवलेल्या गुडघ्यांवर. अंगावर आईचं हिरवं लुगडं, आईचं जांभळं लुगडं. त्याने पदर तोंडाजवळ नेला आणि दातांनी गाठ सोडायला लागलं. मागून एक जण म्हणाला, "काय भारी चाल दिलीय राव!" कोणीतरी पोरगी किंचाळली, मग तिच्यावर सगळे हसले.

पुढे मागची हकीकत दाखवली, तो प्राणी आधी कोण होता ती. दारात एक बाई. पाठमोरी. हातात डब्याची पिशवी. ती म्हणाली, "आलेच हं मी, दहा मिनिटांत." आणि कुलूप लावलं.

माझे शब्द. 'हं'सुद्धा तसाच.

त्या क्षणी भाऊ माझ्याशेजारी वडापावचा कागद घडी घालत होता. त्याला काहीच माहीत नव्हतं. मी मनात म्हटलं, असू दे, फक्त आम्हा दोघींना कळतंय, सिनेमा संपेल, दिवे लागतील. शेवटी तो प्राणी दाराशीच मरतो, वाटी हातात. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आणि मग काळ्या पडद्यावर एक ओळ आली. भावाने सवयीने वाचली.

"माझ्या आजीला. ती आत होती."

वाचून झाल्यावर त्याचे ओठ तसेच उघडे राहिले.

त्याला सोडायला मी द्वारकेच्या थांब्यापर्यंत गेले. उड्डाणपुलाखाली रिक्षावाल्यांची ओरड, हॉर्न. तो रस्ताभर माझ्या दोन पावलं पुढे चालत होता. थांब्यावर म्हणाला, "ताई, ती आत होती म्हणजे?"

"सिनेमा आहे रे तो."

"मी सिनेमाचं विचारत नाहीये."

मी पदराने तोंड पुसलं.

"कुलूप लावायचीस?"

"हो."

"रोज?"

"कामाच्या दिवशी," मी म्हटलं. बघा, तेव्हाही मी रविवार वजा करत होते.

"आणि मी आलो की?"

"तू यायचास तेव्हा मी रजा टाकायची."

गाडी आली. "मालेगाव, धुळे, मालेगाव!" कंडक्टर ओरडत होता. भाऊ चढला. दरवेळी तो खिडकीतून हात बाहेर काढतो, गाडी वळेपर्यंत. त्या दिवशी त्याचा हात समोरच्या सीटच्या दांडीवरच राहिला.

दर रविवारी सकाळी त्याचा फोन यायचा, वर्षानुवर्षं. तो बंद झाला. मी केला तर भावजय उचलायची: "बाहेर गेलेत, ताई." दोन महिने तो बाहेरच होता.

मग एका दुपारी पोरगी आली. हातात मोठी पिशवी. बसली, पाणी प्यायली, आणि जशी काही काल भेटलो होतो अशी म्हणाली, "आत्या, सिनेमा चांगला चाललाय मोबाईलवर. लोकांना प्राणी फार आवडला. दुसरा भाग करतोय. गुडघ्यात फाटलंय तेवढं, देशील ना करून?"

मी तो अंगरखा मांडीवर घेतला. घामाचा, मातीचा वास येत होता. ट्रंकेतला वास गेला होता.

"तू शप्पथ घेतली होतीस," मी म्हटलं.

तिने पाण्याचा पेला बाजूला सारला. मग म्हणाली, "मी नाव कुठे घेतलं कोणाचं?"

"शेवटची ओळ?"

"आत्या, ते आजीसाठी प्रेमाने लिहिलं मी. आणि खरं सांगू? बाबांना कळायला हवं होतं. साडेतीन वर्षांत किती वेळा आले ते? आतोबांचा पगार बंद, तू दिवसभर शेडमध्ये. आजी घरी एकटी कशी राहते, हे त्यांनी एकदा तरी विचारलं? वर सगळ्यांसमोर तुझं कौतुक करायचं, म्हणजे आपण सुटलो!"

तिचं खोटं नव्हतं. तेच तर जास्त लागलं.

"असेल," मी म्हटलं. "पण ते सांगणं माझं होतं. तुझं नव्हतं. मी तुला ते जपायला दिलं होतं, अंगावर घालून नाचवायला नाही."

"तू वाईट नाही दिसत त्यात."

"मग ती दारातली कोण? तिचं तोंडसुद्धा दाखवलं नाहीस."

ती पिशवीचा बंद बोटाला गुंडाळत राहिली.

"आणि माझी आई दाराशी मेली नाही. दवाखान्यात गेली. डोकं माझ्या मांडीवर होतं, तुझा बाप पायाशी होता. ते नाही दाखवलंस."

"सिनेमाला तसा शेवट लागतो गं, आत्या." हे मात्र ती अगदी हळू म्हणाली.

"लागत असेल," मी म्हटलं, आणि ब्लेड घेतलं.

"काय करतेस?"

"माझं काढून घेते."

मी तिच्यासमोर उसवायला बसले. स्वतःची शिवण स्वतः उसवायला फार वेळ लागतो. आपण ती सुटू नये म्हणूनच घातलेली असते. त्यांनी शूटिंगला फेव्हिकॉल आणि रंग थापला होता, तो आत मुरला होता. हिरवं लुगडं पापडासारखं कडक झालं होतं, ओढलं की तुटायचं. जांभळ्याचे चार हात बरे निघाले. बाकी दोन्हींच्या नुसत्या चिंध्या. पोरगी बघत बसली होती. मध्येच तिने हात पुढे केला, एक टोक धरायला, पूर्वी धरायची तसा. मी म्हटलं, "राहू दे." इतकं कोरडं मी तिच्याशी कधी बोलले नव्हते. माझाच आवाज मला ओळखू आला नाही.

शेवटी पोतं आणि फोम तेवढा उरला. मी घडी घालून पिशवीत भरला. "हे घेऊन जा. आई राहू दे."

ती दारात थांबली. "आत्या, तू परत बोलणार नाहीस माझ्याशी?"

मला म्हणता आलं असतं, बोलेन गं. तोंडावर आलंही होतं. पण दारात उभं राहून गोड खोटं बोलायची माझी सवय तिला ठाऊक आहे. मी म्हटलं, "मला माहीत नाही." ते खरं होतं. अजून आहे. रविवारी दुपारी कधी एखादा सिनेमा लावते, चेन सापडते, आणि कोणाला सांगायला तोंड फिरवते तर बाजूला उशी.

ती गेली आणि मी फरशीवर, चिंध्यांच्या मध्ये बसूनच भावाला फोन लावला. भावजयीने उचलला. "बाहेर गेलेत..."

"बाहेर गेलाय तर बाहेर जाऊन दे," मी म्हटलं. "मी धरून आहे."

बराच वेळ भांड्यांचे आवाज आले. मग तो आला. "बोल."

"लेकीने सांगितलं ते अर्धं होतं. सगळं माझ्याकडून ऐक. नंतर फोन करू नकोस वाटलं तर."

आणि मी सुरुवात केली. ट्रकवाल्याने आणून सोडली तिथून. कुलूप कुठल्या दुकानातून आणलं, पहिल्या दिवशी कुलूप लावून मी पेरूच्या झाडामागे किती वेळ उभी होते, सगळं. संध्याकाळ व्हायला आली तरी मी बोलत होते. शेवटी त्याने एकच विचारलं.

"वाटी कुठली होती गं?"

"कडेला पोचा पडलेली. तुझी. लहानपणी तू त्यातच दूध प्यायचास ती. दुसरी दिली तर आई घ्यायची नाही."

फक्त त्याचा श्वास ऐकू येत होता. त्याने फोन ठेवला नाही. मीही नाही ठेवला.